प्रकल्प नोंदी: कॉटन पेपर, ४४ इंची प्रिंटर आणि दहा मैलांची पट्टी

३ नोव्हेंबर

काम आज हातात आलं. जुने छापील नकाशे, वर हाताने रंग भरलेले, एकूण ३६ शीट. प्रत्येकाची मूळ मापात एक प्रत हवी. प्रमाण एक इंचाला एक मैल, म्हणजे १:६३,३६०. अट एका ओळीची आहे: प्रत आणि मूळ नकाशा एकावर एक ठेवून उजेडावर धरले की रेघेवर रेघ बसली पाहिजे. रंगांबद्दल "थोडं इकडेतिकडे चालेल" असं काम देणारे बोलताना म्हणाले, पण पत्रात तसं काही लिहिलेलं नाही. म्हणजे चालणार नाही.

प्रिंटर ४४ इंची, पिगमेंट शाईचा. पेपर ३०८ जीएसएम मॅट कॉटन, रोलमध्ये. मशीनच्या पॅनेलवरच्या यादीत हा पेपर नाही, तेव्हा नवा पेपर प्रकार, म्हणजे त्या पेपरसाठीच्या सेटिंगचा संच, बनवणं आलं. आजवर इथली रीत अशी की यादीतला जवळचा वाटेल तो प्रकार निवडायचा आणि छापायचं. पोस्टरला ते खपून जातं.

मशीन काका सांभाळतात, माझ्या कितीतरी आधीपासून. सकाळीच त्यांच्याशी वाद घातला. सोबत १२ फोटो ३१० जीएसएमच्या बरायटा या फोटो पेपरवर काढायचे आहेत. मी म्हटलं, "काका, ३०८ आणि ३१०, दोन्हीला एकच जाडी टाकू." ते काही बोलले नाहीत. दोन्ही पेपरांच्या दहा-दहा पट्ट्या कापल्या, एकावर एक रचल्या आणि माझ्यासमोर ठेवल्या. कॉटनचा गठ्ठा ४.८ मिलिमीटर, बरायटाचा ३.३. वजन जवळजवळ तेच आणि जाडीत दीडपटीचा फरक. जीएसएम म्हणजे चौरस मीटरचं वजन. दाबून घट्ट केलेला पेपर तेवढ्याच वजनात पातळ बसतो, कॉटन फुगीर राहतो.

कॉटन मऊ असल्यामुळे मायक्रोमीटर जोरात आवळला की आकडा कमी येतो. पहिली टिकटिक ऐकू आली की थांबायचं. एका पट्टीवर मला ०.४४ ते ०.४९ असं काहीही मिळत होतं. दहाच्या गठ्ठ्याला दहाने भागल्यावर आकडा एका जागी बसला: ०.४८. पॅनेल ०.१ च्या पायरीने घेतं, म्हणून ०.५.

४ नोव्हेंबर

नवा प्रकार शून्यातून बनत नाही. एखादा तयार प्रकार आधार म्हणून निवडायचा आणि मग त्यातले आकडे बदलायचे. ही पायरी मी घाईत उरकली आणि अर्धा दिवस घालवला.

आधार म्हणून सेमीग्लॉस फोटोचा प्रकार घेतला. कारण सांगायला लाज वाटते: यादीत तोच आधी निवडलेला होता. पहिली चाचणी बाहेर आली तर काळा रंग राखाडीकडे झुकलेला, अंगठा फिरवला की बोटाला लागतोय. स्पेक्ट्रोफोटोमीटरवर (रंग मोजायचं यंत्र) एल-स्टार २५. एल-स्टार म्हणजे उजळपणा, ० काळा आणि १०० पांढरा. मला वाटलं शाई धरणारा लेप उलट्या बाजूला आहे, रोल उलटा चढवला की काय. जिभेला टोक लावून पाहिलं (ज्या बाजूला लेप, ती चिकटते), बाजू बरोबर होती.

चूक काळ्या शाईत होती. या मशीनमध्ये काळ्या दोन, फोटो ब्लॅक आणि मॅट ब्लॅक. कुठली वापरायची हे आधाराचा प्रकार ठरवतो, आणि नंतर ते बदलायची सोय पॅनेलवर नाही. सेमीग्लॉसने फोटो ब्लॅक सोडली. मॅट लेपावर ती नीट गडद होत नाही. आधार बदलून फाइन आर्ट मॅट घेतला, तोच पॅच (रंगाचा चौकोन) पुन्हा छापला: एल-स्टार १६.४. घनतेत (आकडा मोठा तितका काळा गडद) सांगायचं तर १.७ च्या जवळ. मॅट कॉटनकडून याहून फार जास्त मागू नये.

यादीत पेपरचं नुसतं नाव दिसतं, पण त्याच्या पोटात हे सगळं असतं: काळी शाई कुठली, शाई जास्तीत जास्त किती, शाई सोडणारं हेड पेपरपासून किती उंच (गॅप), पेपर खाली ओढून धरणारं सक्शन किती, फीडची (पेपर पुढे सरकण्याची) दुरुस्ती किती, सुकायला किती वेळ, कटर चालू की बंद. म्हणून आधार निवडताना जीएसएम बघायचं नाही, पृष्ठभाग बघायचा. जाडी, गॅप, सक्शन मागाहून हाताने बदलता येतात.

कटर बंद केला. कॉटनचे तंतू पात्याला बसतात आणि धूळ मशीनमध्येच पडते. कात्रीने कापू.

६ नोव्हेंबर

आज हेड घासलं. ३०० मिलिमीटरपर्यंत सगळं छान, मग डाव्या कडेला काळा ओरखडा, अर्ध्या बोटाएवढा. पेपरची कड वर उचलली गेली होती.

हातात पहिला उपाय येतो तो प्लॅटन गॅप वाढवण्याचा (प्लॅटन म्हणजे पेपरखालचा सपाट पाट). वाढवला, एकदम दोन पायऱ्या. ओरखडा गेला. पण नकाशावरच्या समोच्च रेषा भिंगाखाली पाहिल्या तर प्रत्येक तपकिरी रेघेच्या बाजूला बारीक ठिपक्यांची रांग दिसायला लागली, जणू रेघेला लव फुटली आहे. हेड जितकं उंच, तितका शाईचा थेंब हवेत जास्त वेळ. मुख्य थेंबामागे सुटणारा छोटा थेंब तेवढ्यात भलत्या जागी पडतो. पोस्टरवर हे कोणाला दिसणार नाही. गावांची नावं मिलिमीटर-दीड मिलिमीटर उंचीची असलेल्या नकाशावर दिसतं.

काका म्हणाले, "अगं, पेपर वाकडा आहे तर पेपर सरळ कर. हेड कशाला वर नेतेस?" बरोबर होतं. रोल शेवटाला आला की कोअरजवळचा (मधल्या नळीजवळचा) पेपर जास्त गुंडाळलेला असतो आणि कडा मुडपतात. आम्ही हवा तेवढा तुकडा कापून, मध्ये स्वच्छ कागद घालून, उलट्या बाजूने जाड नळीवर दोन तास गुंडाळून ठेवला. मग सुट्ट्या शीटसारखा भरला. गॅप एक पायरी खाली आणला आणि सक्शन एक पायरी वर. घासणं बंद, लवही बंद.

सक्शनची पायरी वाढवताना एक ध्यानात ठेवायचं: जोर जास्त झाला की पेपर प्लॅटनला चिकटतो आणि फीड मागे पडतं. कॉटन जड आहे, सहन करतो. कच्च्या प्रिंटसाठीच्या १८० जीएसएम पेपरला हीच सेटिंग दिली तर तो रडेल. त्याचा प्रकार वेगळा बनवला, सक्शन कमी.

गॅप बदलल्यामुळे हेड अलाइनमेंट पुन्हा केलं. दोन्ही दिशांनी छापताना थेंब हवेत किती वेळ असतो यावर रेघ जुळणं अवलंबून असतं. गॅप बदलला की जुनं अलाइनमेंट संपलं.

८ नोव्हेंबर

आजची नोंद माझ्याच विरोधात आहे, पण लिहून ठेवते.

शीट ३ चा कच्चा प्रिंट काढला. नकाशाखाली दहा मैलांची पट्टी आहे. एक इंच एक मैल, म्हणजे ती २५४ मिलिमीटर यायला हवी. स्टीलची पट्टी लावली: २५२.५. दीड मिलिमीटर कमी, म्हणजे ०.६ टक्के. शीट फिरवून छापतोय, त्यामुळे ही पट्टी नेमकी फीडच्या दिशेला येते. मी म्हटलं, सापडलं. मशीन पेपर कमी ढकलतंय.

फीड दुरुस्तीत +०.६ टाकलं. पट्टी २५४ वर आली. खूश होऊन पुढचं शीट लावलं आणि जेवायला गेले. परत येऊन पाहते तर समुद्राच्या निळ्यावर ठरावीक अंतराने पांढऱ्या बारीक रेघा. मशीन लाइन मारत होतं.

पांढऱ्या रेघा म्हणजे पेपर जास्त पुढे जातोय, दोन फेऱ्यांच्या मध्ये फट राहते. गडद रेघा आल्या तर उलट, फेऱ्या एकमेकींवर चढतात. हे मला पाठ आहे. तरी तासभर नोझल चेक आणि हेड क्लिनिंग करत बसले, कारण फीड तर मी नुकतंच "बरोबर" केलं होतं ना! शाई वाया गेली.

९ नोव्हेंबर

सकाळी काकांनी विचारलं, "मूळ नकाशावरची पट्टी मोजलीस का?"

मोजली नव्हती. मोजली. २५२.६.

मूळ कागदच आटला आहे. इतकी वर्षं ओला-कोरडा होत आलेला कागद, ०.६ टक्क्याने लहान झाला तर नवल नाही. नकाशाने स्वतःबद्दल जे लिहिलंय ते छापलं त्या दिवसापुरतं खरं होतं. आम्हाला मूळ शीटची प्रत काढायची आहे, पट्टीवर लिहिलेल्या मैलांची नाही. म्हणजे २५२.५ जवळजवळ बरोबर होतं, आणि मी चांगलं चाललेलं मशीन बिघडवून ठेवलं.

फीड शून्यावर आणलं. मग जे पहिल्या दिवशी करायला हवं होतं ते केलं: नकाशा बाजूला ठेवून स्वतः काढलेली फाइल, फीडच्या दिशेने बरोबर १००० मिलिमीटरची रेघ, आडवी ८०० ची, दोन्ही टोकांना केसाएवढ्या खुणा. छापून, सुकू देऊन, स्टीलच्या पट्टीने मोजलं. उभी ९९९.१, आडवी ८००.२.

उभीला +०.०९ टक्के दुरुस्ती. पुन्हा छापलं, खूण १००० वर. निळ्या पट्ट्यात रेघा नाहीत, भिंगाखालीही नाहीत. आडवीला हात लावला नाही. त्या दिशेला हेडची गाडी बारीक खुणांच्या एन्कोडर पट्टीवरून आपली जागा ओळखते, तिथे पॅनेलवर दुरुस्तीची जागा नाही आणि ०.२ मिलिमीटरसाठी फाइल ताणायची माझी तयारी नाही.

ड्रायव्हरमध्येही दोन ठिकाणी माप बिघडू शकतं. बॉर्डरलेस चालू असेल तर कडा भरण्यासाठी मशीन चित्र गुपचूप थोडं मोठं करतं. आणि पानात बसवण्याची खूण राहिली तर विचारायलाच नको. दोन्ही बंद करून प्रीसेट सेव्ह केला. स्कॅनमध्ये शेजारी मोजपट्टी ठेवलेली होती, तीही फाइलमध्ये तपासली. ठीक आहे.

११ नोव्हेंबर

शाईची मात्रा. आधाराच्या प्रकारात जी आहे ती शून्य धरून −२० ते +२० अशा पायऱ्यांनी गडद पॅच छापले, आणि प्रत्येक पॅचमध्ये उलटी पांढरी अक्षरं, अगदी बारीक.

शून्यानंतर काळा आणखी गडद होत नाही. +१० ला एल-स्टार १६.३, +२० ला १६.६, म्हणजे उलट वर जायला लागला. शाई लेपात मावत नाही, वर साचते. पांढरी अक्षरंही +१० ला बुजायला लागतात. −५ ला १६.५, अक्षरं स्वच्छ. डोळ्याला ०.१ चा फरक कळणार नाही, अक्षरांचा कळतो. −५ ठेवलं.

सुकण्याचा वेळ: प्रत्येक फेरीनंतर थोडं थांबायला लावलं. छपाई हळू झाली, पण गडद भागात पेपर लाटेसारखा उठत होता ते थांबलं.

एक वेगळाच त्रास: छापून झाल्यावर समुद्रात पांढरे ठिपके. कॉटनचा तंतू पृष्ठभागावर सैल पडलेला असतो, शाई त्याच्यावर बसते आणि मग तो गळून पडतो. भरण्याआधी मऊ ब्रशने झाडलं की बरेच जातात. उरलेल्यांसाठी रंगाचा हात.

१२ नोव्हेंबर

आता कुठे प्रोफाइल, म्हणजे हे मशीन या पेपरवर कुठला रंग कसा छापतं ते सांगणारी फाइल. मला विचाराल तर बहुतेक जण इथून सुरुवात करतात आणि मग "प्रोफाइल चांगलं नाही" म्हणतात. प्रोफाइल हे त्या क्षणाच्या मशीनचं वर्णन. जाडी, गॅप, शाई, यातलं काहीही नंतर हलवलं तर ते वर्णन कुण्या दुसऱ्याच मशीनचं होतं. म्हणून गेल्या नऊ दिवसांतला प्रत्येक आकडा आज कागदावर उतरवून मशीनच्या झाकणाच्या आतल्या बाजूला चिकटवला. काकांनी खाली लिहिलं: "हात लावू नये."

त्यासाठी पॅचचा चार्ट छापताना रंग व्यवस्थापन (सॉफ्टवेअरने आपणहून रंग बदलणं) सगळीकडे बंद हवं. फोटोशॉपमधून हे थेट करता येत नाही. २०१० च्या सीएस५ पासून प्रिंटच्या खिडकीतला तो पर्यायच काढून टाकला आहे. त्यासाठी अडोबीचं वेगळं छोटं प्रिंट युटिलिटी आहे, किंवा प्रोफाइल बनवणाऱ्या सॉफ्टवेअरमधूनच छापायचं. मी दुसरं केलं. ड्रायव्हरमध्ये पेपर प्रकार तोच आपला नवा, रंग दुरुस्ती बंद. पॅनेल, ड्रायव्हर आणि प्रोफाइल या तिघांत एकच प्रकार दिसतोय ना, हे काकांना मोठ्याने वाचून दाखवलं. गंमत वाटेल, पण वाचताना एकदा चूक सापडली. ड्रायव्हर जुन्याच प्रकारावर होता.

साधारण ९०० पॅच छापले. २४ तास तसेच पडू देणार. ओल्या शाईचा रंग मोजून काय करायचं?

१३ नोव्हेंबर

मोजणी एम१ पद्धतीने, म्हणजे डी५० (दिवसाच्या उजेडाचं ठरवलेलं प्रमाण) उजेडातला अतिनील भाग धरून. आधी पेपरच्या पांढऱ्यावर यूव्ही टॉर्च मारून पाहिला. कॉटन निळा चमकला नाही, म्हणजे ब्राइटनर (पेपर शुभ्र दिसावा म्हणून घातलेली रसायनं) नाहीत किंवा नगण्य. मोजमापही तेच सांगतं: बी-स्टार (अधिक म्हणजे पिवळ्याकडे, उणे म्हणजे निळ्याकडे) +२.६, किंचित ऊबदार. कच्च्या प्रिंटचा पेपर तोच टॉर्च मारला तर ट्यूबलाइटसारखा उजळतो.

पडताळणीला प्रोफाइलमध्ये नसलेले ५० पॅच वेगळे छापले. डेल्टा ई २००० (रंगातला फरक, जितका कमी तितका बरा) सरासरी ०.९, सर्वांत वाईट २.४, तोही गडद जांभळ्यात. नकाशात जांभळा जवळजवळ नाही. पुढे गेले.

१५ नोव्हेंबर

शीट ३ खरं छापलं. मूळ शेजारी ठेवून पाहिलं तर आमची प्रत जरा जास्त पिवळी. मोजलं: मूळ कागदाचा बी-स्टार १४, प्रतीचा साडेसोळा.

अडीचचा फरक पाहून हसूच आलं, हा आकडा परवाच लिहिला होता. रिलेटिव्ह कलरिमेट्रिक रीतीत फाइलमधला शुभ्र पांढरा म्हणजे आपला कोरा पेपर असं धरलं जातं. पण आमच्या फाइलमध्ये जुन्या कागदाचा पिवळेपणा आधीच आहे, आणि तो कॉटनच्या स्वतःच्या पिवळेपणावर चढतो. अॅब्सोल्यूट कलरिमेट्रिक निवडलं की मशीन आपल्या पेपरचा रंग वजा करून छापतं. पुन्हा छापलं: बी-स्टार १४.३.

फोटोंसाठी मी अॅब्सोल्यूट कधी वापरत नाही, पांढऱ्या जागांवर उगाच शाईचा फिकट थर येतो. इथे शीट कडेपर्यंत जुन्या कागदाच्या रंगाने भरलेलंच आहे, तेव्हा प्रश्न नाही. मुळातली काळी रेघ एल-स्टार २८ ची आहे, आपला पेपर १६ पर्यंत जातो, म्हणजे काळ्यालाही भरपूर जागा.

रंग जुळवताना खिडकीजवळ बसले होते. काकांनी उठवून डी५० दिव्याखाली बसवलं. आयएसओ ३६६४ मध्ये बारकाईने जुळवण्यासाठी २००० लक्स सांगितले आहेत आणि नेहमीच्या पाहणीला ५००. पहिल्यात दिसणारा डोंगराच्या छायेतला हिरवटपणा दुसऱ्यात दिसत नाही. दुरुस्त केला.

१७ नोव्हेंबर

बरायटा. जाडी ०.३, फोटो ब्लॅक, गॅप नेहमीचा, सक्शन नेहमीचं, फीड +०.०४. काळा एल-स्टार ५. एका दिवसात संपलं. सवय लागली की सगळं सोपं वाटतं, आणि तेव्हाच जपायचं असतं: संध्याकाळी कॉटनवर परत येताना पॅनेलवर बरायटाचाच प्रकार राहिला होता. हेडने सुरुवातीलाच कड घासली. एक शीट गेलं.

१९ नोव्हेंबर

काल छापलेलं शीट ७ आज मुळावर बसत नाही. काल बसत होतं. रुंदीला ०.८ मिलिमीटर जास्त. रात्रभर पाऊस, खोलीतली आर्द्रता ६७ टक्के, काल ५१ होती. कॉटन ओलावा पितो आणि फुगतो, कागदातल्या तंतूंच्या आडव्या दिशेला जास्त. दुपारी डीह्युमिडिफायर लावून ५० वर आणलं. शीट संध्याकाळपर्यंत आपसूक मापात आलं.

मूळ नकाशाही याच खोलीत आहे, तोही हलत असणार, फक्त त्याच्या चालीने. यापुढे जुळवणी ४८ ते ५२ टक्क्यांच्या मध्येच करायची, आणि नवा रोल निदान एक दिवस खोलीत राहिल्याशिवाय भरायचा नाही. मोजणीच्या वहीत आर्द्रतेचा रकाना वाढवला.

२३ नोव्हेंबर

नवा रोल. वेष्टनावर तेच नाव, तेच वजन, बॅच वेगळी. दहा पट्ट्यांचा गठ्ठा ४.७. पांढऱ्याचा बी-स्टार +२.१. फीडची रेघ ९९९.८.

जाडीचा फरक सोडून दिला. फीड +०.११ केलं. रंगाचे ५० पॅच जुन्याच प्रोफाइलवर: सरासरी १.२, सर्वांत वाईट २.७. नवं प्रोफाइल करायचं का यावर काकांशी बोलले. ते म्हणाले, शीट ३ याच रोलवर एकदा काढ आणि जुन्याशेजारी ठेव. काढलं. दिव्याखाली दोन्ही ओळखता आले नाहीत, मलाही नाही आणि त्यांनाही नाही. प्रोफाइल तेच ठेवलं. प्रकाराची एक प्रत करून नावात बॅचचे शेवटचे चार आकडे घातले, म्हणजे जुन्या रोलच्या उरलेल्या तुकड्यांना जुनीच दुरुस्ती लागू राहील.

२६ नोव्हेंबर

शीट १ ते १६ झाली. काम देणारे आले होते. उजेडाच्या टेबलावर शीट १२ ठेवलं, वर मूळ. नदी नदीवर बसली, रस्ता रस्त्यावर. फक्त वरच्या उजव्या कोपऱ्यात साधारण ०.४ मिलिमीटर सुटलं. त्या कोपऱ्यात मूळ कागदाला मागून जुनी चिकटपट्टी लावलेली आहे आणि तिथला कागद ओढला गेला आहे. तसंच्या तसं हवं की सरळ करून, असं त्यांना विचारलं. विचार करून सांगतो म्हणाले.

शीट १७ साठी पेपर कापून उलटा गुंडाळून ठेवला आहे. आर्द्रता ५०.